नागपुरात गच्चीवर ड्रममध्ये ८-१० फुटी शोभेचं झाड : कोणतं तगेल?

रानवारा
नागपूर, तिसरा मजला, उघडी गच्ची, पश्चिमेचं ऊन. ८ ते १० फूट वाढणारी, फुलणारी दोन-तीन झाडं ड्रममध्ये लावायची आहेत. सोनचाफा, बहावा आणि तामण डोक्यात आहेत. पाणी बोअरचं, जड. कोणतं घ्यावं, ड्रम केवढा लागेल, माती कोणती?

तामणफूल
बहावा सोडा. त्याचं सोटमूळ ड्रमच्या तळाशी गुंडाळत जातं; झाड जगतं, पण झुंबरं लागत नाहीत. तामण १०० लिटरच्या अर्ध्या ड्रममध्ये उभं राहतं, पण रोपापासून फुलायला बरीच वर्षं घेतं. त्याऐवजी त्याच कुळातलं लॅजरस्ट्रोमिया इंडिका घ्या, नर्सरीत सावनी म्हणून मिळतं. ते कुंडीत ८ फुटांवर सहज राखता येतं आणि उन्हाला दबत नाही. फूल नव्या फुटीवर येतं, म्हणून फेब्रुवारीत पेन्सिलीपेक्षा बारीक काड्या काढून टाकायच्या. सावलीत ठेवलं तर पानांवर भुरी येते. तुमच्याकडे तो प्रश्नच नाही.

तुमच्या गच्चीसाठी पहिली पसंती मात्र पांढऱ्या चाफ्याला, त्यातही पानाचं टोक गोल असलेल्या जातीला. टोकदार पानाचा चाफा हिवाळ्यात पूर्ण उघडा पडतो, गोल पानाचा बराचसा हिरवा राहतो. त्याची फांदी लवकर मुळं धरत नाही, त्यामुळे मुळं धरलेलं रोपच घ्या. टोकदार पानाचा हवा असेल तर दीड फुटाची फांदी कापून ७-१० दिवस सावलीत सुकवा आणि चीक आळला की लावा. ओली लावली तर बुडातून कुजते.

मातीकाम
झाडाआधी गच्चीचं वजन बघा. १०० लिटर ओली माती आणि झाड मिळून १५० किलोच्या आसपास जातं. आयएस ८७५ (इमारतीवर किती भार धरायचा याचं भारतीय मानक) च्या भाग २ प्रमाणे वावर असलेल्या सपाट गच्चीला चौरस मीटरला सुमारे १५० किलो भार धरतात, आणि अर्ध्या ड्रमचा तळ जेमतेम पाव चौरस मीटर असतो. म्हणून ड्रम स्लॅबच्या मधोमध नको. खाली बीम किंवा कॉलम आहे तिथेच, एकमेकांपासून अंतर ठेवून. इमारत जुनी असेल तर इंजिनीअरला दाखवल्याशिवाय ड्रम वर चढवू नका. ड्रमखाली विटा घालून ३-४ इंच मोकळी जागा ठेवा, म्हणजे पाणी साचत नाही आणि स्लॅबला ओल आली तर लगेच दिसते.

भोकं तळाला ६-८, प्रत्येक बोटाएवढं, शिवाय बाजूला तळापासून एक इंचावर चार. तळात खडीचा थर घालू नका. बारीक मातीतलं पाणी खालच्या जाड खडीत सहज उतरत नाही, थराच्या वरच अडून बसतं, आणि मुळांची जागा कमी होते ती वेगळीच. भोकावर एक खापरी पुरे.

काळी माती टाळा, ती फुगते आणि तडकते. लाल माती ४ भाग, मुरलेलं शेणखत अडीच, भाताचं तूस २, जाड रेती १, कोकोपीट अर्धा भाग. एका ड्रमला २०० ग्रॅम निंबोळी पेंड. माती काठापासून दोन इंच खाली ठेवा आणि खोड आधी होतं त्याहून खोल पुरू नका.

रानवारा
धन्यवाद. सोनचाफ्याचं काय? आणि रोप सरळ ड्रममध्ये लावलं तर चालेल?

तामणफूल
सोनचाफा कलमीच घ्या, बियांच्या रोपाला फुलं येईपर्यंत वाट बघवत नाही. पण पश्चिमेच्या उन्हात त्याची पानं कडांनी जळतात. पूर्वेची भिंत किंवा मे महिन्यात ५० टक्क्यांची हिरवी जाळी असेल तरच लावा. जड पाण्याने त्याची कोवळी पानं पिवळी पडतात आणि शिरा तेवढ्या हिरव्या राहतात. लोह मातीत असतं, मुळांना उचलता येत नाही. तिथे ईडीडीएचए प्रकारचं चिलेटेड लोह (मुळांना उचलता येईल अशा रूपात बांधलेलं लोह) लिटरभर पाण्याला १ ग्रॅम, मुळाशी. ईडीटीए प्रकार चुनखडीच्या मातीत टिकत नाही. जमलं तर पावसाचं पाणी त्याच्यासाठी राखून ठेवा.

मातीकाम
सरळ ड्रममध्ये नको. लहान मुळांना एवढी ओल ओढून घेता येत नाही, माती आंबते आणि मुळं सडतात. आधी १० इंची कुंडी, मग १४, मग १८, मग ड्रम.

नागपुरात झाडं हवेच्या उष्णतेने कमी, तापलेल्या ड्रमने जास्त मरतात. काळ्या किंवा निळ्या ड्रमची पश्चिमेची बाजू तापून आतली मुळं भाजतात आणि पानं दुपारी मलूल होतात. लोक पाणी वाढवतात, मग उरलेली मुळं कुजतात. ड्रमला पांढरा रंग द्या, भोवती गोणपाट गुंडाळा, पश्चिमेला छोट्या कुंड्यांची रांग लावा. मातीवर दोन इंच पालापाचोळा हवाच. पाणी सकाळी सातच्या आत, भोकातून बाहेर येईपर्यंत. माती आक्रसून कडा सुटल्या असतील तर पाणी कडेनेच निघून जातं. अशा वेळी थोडं घालून पंधरा मिनिटांनी पुन्हा घाला. चाफ्याला मात्र वरची दोन इंच माती सुकल्यावरच, आणि हिवाळ्यात अगदी बेताचं.

तामणफूल
दोन-तीन वर्षांनी ड्रममधून झाड काढून मुळं छाटावी लागतील. कडेने फिरलेली मुळं सगळीकडून दोन इंच कापा, एकूण मुळांच्या तिसऱ्या हिश्शापेक्षा जास्त नको, आणि वरचा पसाराही तेवढ्याच प्रमाणात उतरवा. चाफा आणि सावनी फेब्रुवारीत, नवी पालवी फुटण्याआधी. सोनचाफा पाऊस नीट लागल्यावर, आणि त्याची मुळं हलक्या हाताने, फार तर पाचव्या हिश्शापर्यंत. नंतर पंधरा दिवस सावली, खत महिनाभर बंद.

मे-जूनच्या वावटळीत शेंडा जड झालेलं झाड ड्रमसकट आडवं होतं. ड्रम उंच-अरुंद नको, रुंद-बसका घ्या आणि कठड्याशी खालच्या बाजूने बांधा. खोड बांबूला बांधाल तर सैल, सुती पट्टीने.