कानाचं मशीन नाही लावलं तर खरंच डिमेन्शिया होतो का? दुकानवाल्यानं घाबरवून सोडलं आहे

मनीषनगरचा_पोट्टा

नमस्कार मंडळी, प्रश्न जरा लांब आहे, सांभाळून घ्या. बाबा ७३ वर्षांचे. हिंगण्याच्या एमआयडीसीत एका कारखान्यात प्रेस शॉपला ३० वर्षं काढली, तेव्हा कानात कापूस कोंबून जायचे, बस तेवढंच. आता चारपाच वर्षांपासून ऐकू कमी येऊन राहिलं. टीव्ही इतका मोठा असतो की खालच्या मजल्यावरच्या काकू आम्हाला सांगतात आज सिरियलमध्ये काय झालं ते. आपण विचारलं "बाबा, दूध आणलं का" की उत्तर येतं "हो ना, भयंकर ऊन आहे". आधी सगळे हसायचो, ते पण हसायचे, आता गप्प बसतात. सकाळी अंबाझरीला मित्रांबरोबर फिरणं आणि येताना तर्री पोहे, हे २० वर्षांचं रूटीन होतं, ते पण दिवाळीपासून बंद.

तर मागच्या आठवड्यात एका मशीनच्या दुकानात नेलं. तपासणीत दोन्ही कान मॉडरेट, म्हणजे मध्यम कमी ऐकणारे निघाले, ५०-५५ डेसिबल. जोडीचे १ लाख ४० हजार सांगितले. मी म्हणलं विचार करून सांगतो, तर तो म्हणे "करा विचार, पण मशीन नाही लावलं तर मेंदू आकसतो, डिमेन्शियाचा, म्हणजे आठवण-बुद्धी जाण्याच्या आजाराचा, चान्स तिप्पट होतो, अमेरिकेत सिद्ध झालं आहे". हे बाबांसमोरच, कारण त्याला वाटलं यांना कुठे ऐकू येते. दिवसभरात नेमकं तेवढंच वाक्य बाबांना नीट ऐकू आलं. तेव्हापासून चष्मा सापडला नाही तरी म्हणतात "सुरू झालं वाटते".

तीन वर्षांपूर्वी एक १२ हजारवालं मशीन घेतलं होतं, ते ड्रॉवरमध्ये रबरबँड आणि जुन्या चाव्यांसोबत पडून आहे. उन्हाळ्यात कूलर सुरू झाला की डोक्यात घरघर होते म्हणायचे, मग काढून ठेवलं ते ठेवलंच. हे तिप्पटवालं खरं आहे का? आणि इतके पैसे घालावे का?

वाचणारी_बाई

तिप्पट हवेतून नाही आलं, पण अर्धवट सांगितलं त्यानं. अमेरिकेतल्या जॉन्स हॉपकिन्स विद्यापीठाच्या फ्रँक लिन यांचा २०११ चा अभ्यास आहे, बाल्टिमोरची ६३९ माणसं, बरीच वर्षं नजर ठेवली. ऐकू थोडं कमी येणाऱ्यांमध्ये डिमेन्शियाचा धोका साधारण दुप्पट, मध्यम कमी असणाऱ्यांमध्ये तिप्पट, फारच कमी असेल तर पाचपट दिसला. पण दादा, दोन गोष्टी सोबत दिसल्या म्हणजे एकीमुळे दुसरी झाली असं नसते. मेंदूतलाच एखादा बदल कान आणि आठवण दोघांनाही खात असेल. किंवा ऐकू येत नाही म्हणून माणूस घरात बसतो, बोलणं तुटते, आणि त्यानं होते. किंवा समोरच्याचे अर्धे शब्द जुळवण्यातच डोक्याची सगळी ताकद जाते, लक्षात ठेवायला उरतच नाही. मला तरी वाटते की सगळंच थोडं थोडं असेल.

खरी परीक्षा २०२३ मध्ये लॅन्सेट या डॉक्टरी जर्नलमध्ये आली, अचीव्ह नावाची ट्रायल. ७० ते ८४ वयाचे ९७७ लोक, ऐकू कमी येणारे पण आधी मशीन न लावलेले. चिठ्ठ्या टाकल्यासारखे दोन गट केले, एकाला मशीन आणि ऑडिओलॉजिस्टची (ऐकण्याची तपासणी करणाऱ्या तज्ज्ञाची) मदत, दुसऱ्याला आरोग्याचं मार्गदर्शन, आणि ३ वर्षं पाहिलं. सगळे मिळून निकाल काय, तर फरक नाही! काहीच नाही. पण त्यातले जे लोक हृदयाच्या एका जुन्या अभ्यासातून घेतले होते, म्हणजे वयानं जास्त, धोके जास्त, आधीपासूनच घसरण जास्त, त्यांच्यात मशीनवाल्यांची विचारशक्ती-आठवणीची घसरण ४८ टक्के कमी होती. जे ठणठणीत स्वयंसेवक होते त्यांची ३ वर्षांत घसरणच फार नव्हती, मग मशीन वाचवेल काय. आणि मोजली ती घसरण, डिमेन्शिया नाही, हे दुकानवाले कधी सांगत नाहीत.

बाबांना बीपी, शुगर आहे का?

उलटतपासणी

ताई, तुम्ही छान लिहिता पण भोळ्या आहात. २०२३ च्याच एप्रिलमध्ये लॅन्सेटच्या पब्लिक हेल्थवाल्या जर्नलमध्ये ब्रिटनच्या बायोबँकचा (लाखो लोकांची आरोग्य माहिती जमा केलेली आहे ती) पेपर आला होता, ४ लाखांवर लोक, मशीन लावणाऱ्यांना धोका कमी म्हणून. जगभर बातम्या, दुकानांचे बोर्ड लागले असतील. डिसेंबरमध्ये पेपर मागे घेतला. का, तर कॉम्प्युटरच्या कोडमध्ये मशीनवाले आणि बिनमशीनवाले यांची अदलाबदल झालेली! आणि अचीव्हमधली मशीन्स पण एका कंपनीनंच फुकट दिली होती. एक फोरव्हीलरचं डाउनपेमेंट आहे भाऊ हे, ड्रॉवरमध्ये जाईल परत.

वाचणारी_बाई

अदलाबदलीचं खरं आहे, मी पण तो पेपर तेव्हा नवऱ्याला फॉरवर्ड केला होता, लाजच वाटली नंतर. पण तो नुसता जमा माहितीवरचा हिशोब होता, अचीव्ह चिठ्ठ्यांवाली ट्रायल आहे, पैसा अमेरिकेच्या सरकारी संस्थेचा, मशीन्स कंपनीची. एक बुडालं म्हणून दुसरं बुडत नाही. आणि २०२४ च्या लॅन्सेट कमिशनचा, म्हणजे त्या जर्नलनं नेमलेल्या तज्ज्ञांच्या गटाचा, आकडा पहा, १४ कारणं मिळून जगातला ४५ टक्के डिमेन्शिया टाळता किंवा लांबवता येईल, त्यात कानाचा वाटा ७ टक्के. म्हणजे कान महत्त्वाचा आहेच, पण एकटा राजा नाही. कोलेस्टेरॉल पण ७ टक्केच आहे त्या यादीत, ते कोणी ओरडून सांगत नाही.

ऑडिओलॉजी_फायनल_इयर

इथे सगळे डिमेन्शियावर भांडून राहिले आणि खरा प्रश्न तो ड्रॉवर आहे. १२ हजारवालं कदाचित सगळे आवाज सारखेच मोठे करत असेल, त्याला कूलर आणि माणूस यातला फरक कळत नाही. आणि कोणतंही मशीन चष्म्यासारखं नसते, लावलं आणि दिसलं. इतकी वर्षं ज्या आवाजांशिवाय राहिला तो मेंदू एकदम भांडी, पंखा, पिशवीची चुरचुर सगळं ऐकून वैतागतो. सुरुवातीला शांत खोलीत एकदोन तास, एकाच माणसाशी बोलणं, मग वाढवत न्यायचं. दोनतीनदा परत जाऊन सेटिंग बदलून घ्यायचं, हे न करताच लोक मशीनला शिव्या देतात.

आधी कानातला मळ तपासला का? हसू नका, मळ काढल्यावर रिपोर्ट सुधारलेले पाहिले आहेत. घरी ट्रायल मागा, आणि ती उन्हाळ्यात, कूलर सुरू ठेवूनच घ्या. जो ट्रायल देत नाही तिथे जाऊच नका. त्या वयाला आणि त्या रिपोर्टला मधल्या रेंजची जोडी बहुतेक पुरते. उत्पन्न कमी असेल त्यांनी केंद्र सरकारच्या ज्येष्ठांसाठीच्या राष्ट्रीय वयोश्री योजनेचं शिबिर कधी लागते ते विचारून ठेवा, त्यात मशीन मिळते.

महालातला_आजोबा

मी ६९ चा. दोन वर्षं झाले मशीन लावतो. पोट्ट्या, तुले एक सांगतो, तुह्या बाबाले डिमेन्शियाची भीती दाखवू नको. मले पण पोरीनं तेच सांगून नेलं होतं, मी मुद्दाम सहा महिने लावलं नाही. काहून लावू, मी काय येडा होऊन रायलो काय? ऐकू नाही येत म्हणजे काय होते माहीत आहे का, चार जण हसले की आपण पण हसतो, कशावर ते माहीत नसते. मग पाचव्यांदा "काय म्हणला" विचारायची लाज वाटते. मग "काही नाही, जाऊ द्या" हे वाक्य घरातलेच म्हणतात, ते मातर बरोबर ऐकू येते. तो अंबाझरीले काहून जात नाही, हे विचार त्याले. मोठ्यानं नको, समोर बसून, तोंड दिसलं पाहिजे.

त्रिमूर्तीनगर_मधून

आजोबा, वाचून दोन मिनिटं थांबले. एकच भर घालते. माझ्या आईची एका ठिकाणी आठवणीची टेस्ट झाली, तपासणाऱ्यानं मास्क लावून पाच शब्द भराभर सांगितले आणि मग म्हणे परत सांगा. तिला ऐकूच आले नव्हते, मार्क गेले, घरी रडारड. नंतर लिहून विचारलं तर सगळं बरोबर. म्हणून टेस्ट करायचीच असेल तर ऐकू येण्याची सोय करून करा, आणि सोबत व्हिटॅमिन बी१२ आणि थायरॉइड तपासा, शाकाहारी असतील तर बी१२ नक्कीच.

मनीषनगरचा_पोट्टा

तीन आठवड्यांनी अपडेट देऊन राहिलो, उशीर झाला त्याबद्दल सॉरी. बीपी आहे, शुगर बॉर्डरवर. मळ निघाला, दोन्ही कानांतून, डॉक्टरनं ट्रेमध्ये काढून दाखवला, वर्णन करत नाही. बी१२ कमी, इंजेक्शन सुरू. दुसऱ्या ठिकाणी ६२ हजारांची जोडी १० दिवस ट्रायलवर मिळाली आणि तीच ठेवली. तिप्पटवाल्या दुकानात परत गेलो नाही.

आजोबांचं ऐकलं, समोर बसून विचारलं अंबाझरीचं. बराच वेळ काही बोलले नाहीत, मग म्हणे "देशमुख मेला ते मला आठ दिवसांनी कळलं. सगळे बोलून राहिले होते, मी मान हलवत होतो." मला यावर काही सुचलंच नाही.

मशीन घालून घरी आले आणि पहिलं वाक्य काय, तर "हा कूलर एवढा आवाज करते? कधीपासून? आणि तुम्ही सगळे यात झोपता?" चार दिवस कूलरवरूनच भांडण. रविवारी पोह्यांना गेले, ठेल्यावर झाऱ्याची खणखण सहन झाली नाही म्हणून तिथे मशीन खिशात, पण गेले. टीव्ही २२ वर आला आहे, आधी ५० असायचा, आता काकूंनाच सिरियल कळत नाही.

आता दुसरा प्रश्न. कमी आवाजाची कूलरची मोटर कोणी बसवली आहे का, बाबा रोज विचारून राहिले.