मदत हवी आहे: अवयव खोडल्यावर अट लिहायची का?

भाची आठवीत आहे, राज्य मंडळ. गुणोत्तरीय बैजिक राशींना सरळरूप देताना (क्ष² + ५क्ष + ६) / (क्ष² − ४) मधले वरखालचे क्ष² ती थेट खोडते. क्ष = ३ घेऊन दाखवलं: मूळ राशीची किंमत ३०/५ म्हणजे ६, तिच्या उत्तराची −२१/४. चूक पटली. पण बेरजेतलं पद खोडता येत नाही, अंश-छेदातला सामाईक अवयवच जातो, हे मनात पक्कं कसं बसवायचं?

शिवाय अवयव पाडून (क्ष + २) गेला की (क्ष + ३) / (क्ष − २) उरतं. इथे क्ष = −२ ठेवलं तर −१/४ येतं, मूळ राशीत मात्र ०/०! मग उत्तरापुढे क्ष ≠ −२ लिहायची सवय आत्तापासूनच लावावी का? गणित शिकवणाऱ्यांनी कृपया सांगा, चाचणी जवळ आली आहे.