सल्ला हवा: रोलिंग स्टोन्सचं 'वाइल्ड हॉर्सेस' दादाच्या लग्नात म्हणायचंय

कृष्णाकाठ

नमस्कार मंडळी,

डिसेंबरात दादाचं लग्न आहे. संगीताला डीजे वगैरे ठरलेलाच आहे. पण पाहुणे पांगल्यावर घरचीच माणसं उरतात, तेव्हा दादा आणि होणाऱ्या वहिनीसाठी मला एक गाणं गिटारवर म्हणायचं आहे. दोघांची ओळखच जुन्या रॉकमुळे झाली आणि दोघांचं लाडकं गाणं म्हणजे स्टोन्सचं 'वाइल्ड हॉर्सेस'.

मला साधे ओपन कॉर्ड्स नीट येतात, बार कॉर्ड (एकाच बोटानं सगळ्या तारा दाबायचा) अजून अडखळतो. रेकॉर्डिंगं बरीच सापडली, त्यातलं कुठलं समोर ठेवून बसवू? मूळ गाण्यात सुरुवातीला जी बारीक, किणकिणणारी गिटार ऐकू येते ती घरच्या गिटारवर निघते का? आणि एका मैत्रिणीचं म्हणणं, हे विरहाचं गाणं आहे, लग्नात नको. तुम्हाला काय वाटतं? याच वळणाची, म्हणजे रॉक बँडनं कंट्रीच्या (अमेरिकी ग्रामीण संगीताच्या) अंगानं केलेली प्रेमगीतं आणखी असतील तर तीही सांगा.

जुनी_तबकडी

अगदी मनातला विषय काढलात. मी हे गाणं कॉलेजपासून ऐकतोय आणि माझ्या लेखी स्टोन्सचं याहून चांगलं प्रेमगीत नाही.

आधी लग्नाचं. हे गाणं डिसेंबर १९६९ मध्ये अलाबामातल्या शेफिल्ड गावी, मसल शोल्स साउंड स्टुडिओत रेकॉर्ड झालं. अमेरिकेचा दौरा संपत आला होता, तीन दिवस हाताशी होते, तेवढ्यात त्यांनी तीन गाणी केली. त्यातलं हे एक. ध्रुवपद बँडचा गिटारिस्ट किथ रिचर्ड्सचं. त्याचा मुलगा त्याच वर्षी ऑगस्टमध्ये जन्मला होता आणि तान्ह्या पोराला सोडून दौऱ्यावर निघायचं त्याच्या जिवावर आलं होतं. कडवी गायक मिक जॅगरनं लिहिली आणि तिथं ते स्त्री-पुरुषाच्या प्रेमाचं झालं. कडव्यांत दुःख आहे, दुखावलेपण आहे, हे खरंच. पण ध्रुवपद काय म्हणतं? रानटी घोडे जुंपून ओढलं तरी मी इथून हलणार नाही. आणि शेवटी तीच ओळ बदलते: याच घोड्यांवर बसून आपण एक दिवस जाऊ. लग्नात म्हणायला याहून मोठं वचन कुठलं? बिनधास्त म्हणा.

रेकॉर्डिंगबद्दल: १९७१ च्या 'स्टिकी फिंगर्स'मधलं मूळ कान भरून ऐका, पण बसवायला १९९५ च्या 'स्ट्रिप्ड'मधलं घ्या. तिथं वाद्यांची गर्दी नाही, कॉर्ड कुठे बदलतो ते स्वच्छ कळतं.

मडगांवचो_गिटारिस्ट

किणकिणणाऱ्या गिटारचं मी सांगतो. ती स्टोन्सचा दुसरा गिटारिस्ट मिक टेलरची. तिला 'नॅशव्हिल ट्यूनिंग' म्हणतात. जाड्या चार तारा (ई, ए, डी, जी) काढून त्यांच्या जागी बारीक तारा लावायच्या आणि त्या एक सप्तक वर लावायच्या. खालच्या दोन, बी आणि ई, नेहमीच्याच. त्यामुळे गिटारचा खर्ज नाहीसा होतो आणि नुसती चमक उरते. शेजारी किथ बारा तारांची गिटार वाजवतोय, म्हणून ती चमक उघडी पडत नाही.

यासाठी वेगळा सेट शोधत फिरू नका. बारा तारांच्या गिटारचा सेट घ्या, त्यातल्या जोडीच्या बारीक तारा नेमक्या याच कामाच्या. मुंबईला जाणं होत असेल तर धोबी तलावला फुर्टाडोसमध्ये विचारा. नेहमीच्या जाड तारा मात्र सप्तकभर वर ओढू नका, तुटतील आणि डोळ्याला लागेल.

पण ताई, तुम्ही एकट्याच वाजवणार असाल तर हे करू नका. एकट्या गिटारला खर्ज हवाच. जोडीला कोणी असेल तरच दुसऱ्या गिटारवर हा प्रयोग करा.

कृष्णाकाठ

@मडगांवचो_गिटारिस्ट, मामेभाऊ आहे, तोही वाजवतो! त्याला कामाला लावते. @जुनी_तबकडी, काका, ती शेवटची बदललेली ओळ मैत्रिणीला ऐकवली. तिचा विरोध मावळला. आता या गाण्यातल्या बी मायनर कॉर्डचं काय करू? तो बारच आहे.

मडगांवचो_गिटारिस्ट

बी मायनर टाळायचा विचारही करू नका. कडवं बी मायनरवर उघडतं आणि जी वर येऊन टेकतं, पुन्हा बी मायनर, पुन्हा जी. गाण्याचा सगळा जीव त्या ये-जा करण्यात आहे. पूर्ण बार येत नसेल तर खालच्या चारच तारा वाजवा: डी आणि जी चौथ्या पट्टीवर (फ्रेटवर), बी तिसऱ्या, ई दुसऱ्या पट्टीवर. वरच्या दोन तारांना हात लावू नका. ध्रुवपदात ए मायनर, सी, डी, जी आणि मग एफ, सी असं येतं. तो एफ जड वाटला तर एफ मेजर सेव्हन धरा, पहिली तार मोकळी. कानाला खटकत नाही.

दुसरं, जॅगरच्या सुरात गाऊ नका. पाचव्या पट्टीवर कॅपो (सगळ्या तारा दाबून धरणारा चिमटा) लावा आणि बोटं हीच ठेवा, गाणं सी मध्ये येईल. बहुतेक बायकांच्या आवाजाला ते बरं पडतं. कॅपोमुळे तारा लाकडाजवळ येतात, बारही हलका होतो.

सांजवात

बाईच्या आवाजात ऐकायचं तर 'द संडेज' या इंग्लिश बँडचं १९९२ चं ऐका. हॅरिएट व्हीलर कुठेही जोर न लावता गाते. सुझन बॉइलनंही २००९ मध्ये गायलंय, पण ते सभागृहाचं गाणं झालंय. घरच्या बैठकीत व्हीलरची रीत शोभेल.

जुनी_तबकडी

@सांजवात, अनुमोदन. त्यात एक भर घालतो. हे गाणं बाजारात आलं ते स्टोन्सच्या आधी! ग्रॅम पार्सन्स किथचा जवळचा मित्र. त्याच्या 'फ्लाइंग बरिटो ब्रदर्स'नं ते १९७० मध्येच आपल्या अल्बमवर घेतलं. स्टोन्सचा अल्बम पुढच्या वर्षी आला आणि अमेरिकेत हे गाणं सिंगल म्हणून निघालं ते जून १९७१ मध्ये. बिलबोर्डच्या अमेरिकी लोकप्रियता-यादीत २८ व्या क्रमांकापर्यंतच गेलं. आज त्याचं स्थान पाहिलं की त्या आकड्याचं नवल वाटतं. पार्सन्सचं ऐकाच. कंट्री कुठून आलं ते त्याच्या आवाजात कळतं.

आणि पियानो! तो जिम डिकिन्सनचा. स्टोन्सचा नेहमीचा पियानोवादक इयन स्टुअर्ट तिथे हजर होता, पण त्याला मायनर कॉर्ड्स वाजवायला आवडायचं नाही, म्हणून तो बसलाच नाही. डिकिन्सन किती कमी वाजवतो ते हेडफोन लावून ऐका. मामेभावालाही हेच सांगा: भरायचं नाही, जागा सोडायची.

बे_एरियातला_कोल्हापूरकर

यादीत माझी भर. ईगल्सचं 'बेस्ट ऑफ माय लव्ह': मार्च १९७५ मध्ये अमेरिकेत पहिल्या क्रमांकावर गेलं, त्यांचं पहिलंच. बर्नी लीडनची पेडल स्टील (आडवी ठेवून वाजवायची, सूर घसरवणारी गिटार) त्यात पाठीमागून पाझरत राहते. पण शब्द नीट वाचा, तुटत आलेल्या नात्याचे आहेत, त्यामुळे लग्नात नको. त्यांचंच १९७२ चं 'पीसफुल इझी फीलिंग' मात्र हलकं, मोकळं आहे, तिथे चालेल.

'पॉयझन'चं 'एव्हरी रोज हॅज इट्स थॉर्न' शिकायला सर्वांत सोपं, जी आणि सी अ‍ॅड नाइन धरता आले की निम्मं झालं. मूळ रेकॉर्डिंग अर्धा स्वर खाली लावलेल्या गिटारवर आहे, सोबत वाजवताना ते लक्षात ठेवा. १९८८ च्या नाताळात ते पहिल्या क्रमांकावर होतं. मेकअप आणि उभारलेल्या केसांच्या जमान्यातला बँड, पण गाणं अस्सल कंट्री. तेही ताटातुटीचंच, म्हणून सरावापुरतं ठेवा.

कृष्णाकाठ

सगळ्यांचे मनापासून आभार. कॅपो पाचवर लावून पाहिला, आवाज छान बसतोय. मामेभाऊ बारीक तारा आणायला तयार आहे. एक शेवटचं: त्यानेही कॅपो पाचवरच लावायचा का?

मडगांवचो_गिटारिस्ट

नको. त्या तारा आधीच उंच, त्यात पाचवर कॅपो म्हणजे फारच टोचेल. त्यानं कॅपो न लावता सी मध्ये वाजवावं. तुमचा बी मायनर त्याचा ई मायनर होईल, जी चा सी, ए मायनरचा डी मायनर, सी चा एफ, डी चा जी, आणि एफ चा बी फ्लॅट. तो एकच अवघड आहे, त्याची तयारी आतापासून करून घ्या. लय ठरवायला दोघांनी मिळून आधी नुसतं ध्रुवपद म्हणा, गिटार बाजूला ठेवून.