कार्ल फ्रॉइंड: छातीवरच्या कॅमेऱ्याच्या पलीकडे

सिनेमाचा कॅमेरामन आणि दिग्दर्शक कार्ल फ्रॉइंड याचा उल्लेख अनेकदा फक्त छातीला बांधलेल्या कॅमेऱ्यापुरता येतो, म्हणून थोडी भर. १९२४ च्या 'द लास्ट लाफ' या जर्मन मूकपटात कॅमेरा छातीवर आणि तोल साधायला बॅटऱ्या पाठीवर, हे खरंच. पण सुरुवातीचा शॉट बघा: कॅमेरा लिफ्टमधून खाली उतरतो आणि पुढे लॉबीतून फिरत्या दारापर्यंत सायकलवरून जातो.

दिग्दर्शक म्हणून 'द ममी' (१९३२) आणि 'मॅड लव्ह' (१९३५) जरूर बघा. त्यानंतर तो पुन्हा कॅमेऱ्याकडेच वळला आणि 'द गुड अर्थ' या चित्रपटाच्या छायाचित्रणासाठी ऑस्कर मिळवलं.

माझ्या मते त्याचं सर्वांत दूरगामी काम १९५१ चं, 'आय लव्ह लूसी' ही अमेरिकन विनोदी टीव्ही मालिका. समोर प्रेक्षक बसलेले, ३५ मिमी फिल्मचे तीन कॅमेरे एकदम चालू. मधला वाइडवर (सगळं दृश्य टिपायला), बाजूचे दोन क्लोजअपला. दर शॉटला लाइटिंग बदलायला थांबणं शक्यच नाही. जमिनीवर दिवे ठेवले तर कॅमेऱ्यांच्या वाटेत येणार. म्हणून बहुतेक दिवे वर टांगले आणि प्रकाश सगळीकडे सारखा ठेवला. शिवाय तेव्हाच्या टीव्हीवर कॉन्ट्रास्ट (काळ्या-पांढऱ्यातला फरक) वाढायचा, पांढरं भगभगायचं. त्यावर उपाय म्हणून सेट करड्या छटांत रंगवले. स्टुडिओत प्रेक्षकांसमोर चित्रित होणाऱ्या मालिका आजही मुळात याच पद्धतीने चालतात.