निकालात 'प्राथमिक हुकूमनामा' लिहिलंय, मग अपील आत्ता करायचं की फायनल झाल्यावर?

महालची_पोरगी (१४ जुलै, रात्री)

नमस्कार, थोडं लांबलचक होणार आहे, सांभाळून घ्या. आईने मामावर वाटणीचा दावा टाकला होता, नागपूरच्या दिवाणी कोर्टात, सात वर्षं चालला. दोन मिळकती आहेत, एक महालमधलं आजोबांचं घर आणि दुसरी काटोलकडची चार एकर संत्र्याची बाग. मामा, आई आणि मावशी असे तीन वारस, मावशी पण प्रतिवादी होती पण ती कधी कोर्टात आलीच नाही. १२ जूनला निकाल लागला. आम्हाला वकिलांनी सांगितलं १९ ला, तेही मीच फोन केला म्हणून. २० ला नक्कलेचा अर्ज टाकला आणि ९ जुलैला नक्कल हातात आली, ३८ पानं, सगळी इंग्रजीत. मी बी.कॉम. आहे, इंग्रजी वाचता येतं पण ही इंग्रजी काही वेगळीच असते बाप्पा.

मला जे कळलं ते असं की शेवटच्या पानावर 'सूट इज पार्टली डिक्रीड' आहे, घरात आईला १/३ हिस्सा दिला आणि शेतीचा दावा फेटाळला कारण मामाने आजोबांचं रजिस्टर्ड मृत्युपत्र दाखवलं आणि कोर्टाने ते सिद्ध झालं असं धरलं. सगळ्यात खाली लिहिलंय की प्रिलिमिनरी डिक्री, म्हणजे प्राथमिक हुकूमनामा, तयार करावी.

आता वकील साहेब म्हणतात हे प्राथमिक आहे, घराची मोजणी होईल, कमिशनर येईल, मग फायनल डिक्री होईल, तेव्हा काय ते सगळ्याचं एकदम अपील करू, आणि आत्ता फाईल पाहिजे असेल तर आधी पंधरा हजार बाकी द्या. मामाकडचे पण तेच सांगून राहिले, अजून कुठे फायनल झालं, कशाला घाई करता. दोघंही एकच बोलून राहिले म्हणून मला धाकधूक होऊन राहिली. फायनल नाही तर अपील कसं करणार हे लॉजिक बरोबर वाटतं, पण मग ३० दिवस ३० दिवस असं जे सगळे म्हणतात ते कशाचे? ते तर १२ जुलैलाच संपले ना?

बर्डीकर

वकील बरोबर सांगून राहिले ताई. प्राथमिक म्हणजे प्राथमिक. आणि अपील करायचंच असेल तर खालच्या कोर्टात कशाला वेळ घालवता, सरळ हायकोर्टात रिट टाका, म्हणजे थेट हायकोर्टाकडे दाद मागणारा अर्ज, खंडपीठ सिव्हिल लाईन्सलाच तर आहे, जिल्हा कोर्टापासून काही लांब नाही.

निवृत्त_शिरस्तेदार

बर्डीकर भाऊ, असा सल्ला देऊ नका, कोणाचं तरी शेत जाईल. इमारती जवळ आहेत म्हणून कायदा जवळ येत नाही. जिथे अपिलाची सोय कायद्याने दिलेली आहे तिथे रिट टाकलं तर कोर्ट पहिल्याच तारखेला विचारतं की अपील का नाही केलं.

ताई, मी कोर्टाच्या नोकरीत ३१ वर्षं काढली, त्यातली बरीच नक्कल विभागात, म्हणून आधी तुमच्या दिवसांचा हिशोब करू, बाकी कायद्याचं वकील मंडळी सांगतील. नक्कल उलटी करा. शेवटच्या पानाच्या मागे एक शिक्का असतो, त्यात तीन-चार तारखा हाताने भरलेल्या असतात, अर्ज कधी आला, नक्कल तयार कधी झाली, दिली कधी. लोक निकालाची सगळी पानं वाचतात आणि हे पान वाचत नाहीत. तुमच्या शिक्क्यावर 'तयार' समोर कोणती तारीख आहे ते आधी सांगा.

महालची_पोरगी

पाहिलं! अर्ज २० जून, तयार २ जुलै, दिली ९ जुलै. मधले सात दिवस नक्कल तिथेच पडून होती म्हणजे, आम्हाला कोणी सांगितलंच नाही.

निवृत्त_शिरस्तेदार

ते सात दिवस तुमच्या नावावर गेले. नियम असा आहे की निकालाचा दिवस मोजायचा नाही, म्हणून १३ जून हा पहिला दिवस, तीस दिवस १२ जुलैला भरतात. पण नक्कल मिळवायला लागलेला वेळ त्यातून वगळतात, मुदत कायद्याचं कलम १२. तो वेळ अर्ज दिल्याच्या दिवसापासून नक्कल तयार होईपर्यंतचा, तुम्ही उचलायला कधी आलात त्याच्याशी संबंध नाही. २० जून ते २ जुलै, दोन्ही दिवस धरून १३ दिवस होतात. १२ जुलैत १३ मिळवा, २५ जुलै. ही तुमची शेवटची तारीख. त्या दिवशी कोर्टाला सुट्टी असेल तर कोर्ट उघडेल तो पहिला दिवस चालतो, पण त्याच्या भरवशावर राहू नका, फाईलिंगच्या टेबलावर एखादी त्रुटी निघाली की दोन दिवस सहज जातात. १२ ते १९ जूनचे दिवस मात्र वगळता येत नाहीत, अर्जच दिला नव्हता ना. म्हणून मी नेहमी सांगतो, निकाल ऐकला की त्याच दिवशी नक्कलेचा अर्ज टाकायचा, जिंकलं तरी टाकायचा.

मोबाईलवर ईकोर्ट्सच्या ॲपमध्ये सोळा अक्षर-अंकी सीएनआर नंबर, म्हणजे तुमच्या केसचा ओळख क्रमांक, टाकला की निकाल फुकट दिसतो, वाचायला तो चांगला, पण अपिलाला लावायला सही-शिक्क्याची प्रमाणित प्रतच लागते.

ॲड_सिव्हिल_लाईन्स

शिरस्तेदार साहेबांनी अर्धं काम केलं, उरलेलं मी सांगतो, आणि जरा घाईत आहे म्हणून तुटक वाटेल.

वाटणीच्या दाव्यात दोन हुकूमनामे होतात. पहिल्यात कोर्ट ठरवतं कोणाचा हिस्सा किती आणि कोणत्या मिळकतीत, हा प्राथमिक. दुसऱ्यात तो हिस्सा प्रत्यक्ष कसा तोडायचा, कोणती खोली कोणाकडे, हा अंतिम. आता तुम्हीच सांगा, शेतीत तुमचा हिस्सा नाही हे कुठे ठरलं? पहिल्यातच ठरलं. मोजणीवाला कमिशनर येईल तो फक्त महालचं घर मोजेल, काटोलची बाग त्याच्या यादीतच नसेल. 'प्राथमिक' या शब्दाने लोक फसतात. हक्कापुरता हाच निकाल शेवटचा आहे.

दिवाणी प्रक्रिया संहितेचं कलम ९७ यासाठीच आहे. प्राथमिक हुकूमनाम्यावर ज्याने अपील केलं नाही, त्याला अंतिम हुकूमनाम्याच्या अपिलात प्राथमिक चूक होता असं म्हणता येत नाही. दार बंद. तेव्हा तुम्ही भिंत कुठे घातली यावर भांडू शकाल, बागेवर नाही. तुमचे वकील हे अनवधानाने बोलले असतील असं मी धरतो, मामाकडचे कशासाठी बोलून राहिले ते तुम्हाला कळलंच असेल.

अपील कलम ९६ खाली, जिल्हा न्यायालयात, मुदत ३० दिवस. एक गोष्ट मात्र उद्याच्या उद्या बघा, दावा कोणत्या न्यायाधीशांपुढे होता आणि त्याचं मूल्यांकन किती लावलं होतं. मोठ्या मूल्यांकनाचा वरिष्ठ स्तरावरचा दावा असेल तर पहिलं अपील थेट खंडपीठात जातं आणि तिथे मुदत ९० दिवस असते. कनिष्ठ स्तराचा असेल तर जिल्हा न्यायालयच. डिक्रीचा कागद अजून तयार झाला नसेल तर थांबू नका, निकालपत्राच्या प्रमाणित प्रतीवर अपील दाखल होतं.

आता ३८ पानं कशी वाचायची. पहिल्या पानापासून वाचू नका, पहिली दहा पानं दोन्ही बाजूंचं म्हणणं असतं, ते तुम्हाला पाठ आहे. आधी शेवटचा आदेश वाचा. मग मधे एक तक्ता असतो, डावीकडे वादमुद्दे, म्हणजे कोर्टाने ठरवायला घेतलेले प्रश्न, उजवीकडे 'होकारार्थी', 'नकारार्थी'. जो मुद्दा तुमच्या विरुद्ध गेला त्याचा नंबर धरा आणि फक्त त्याची कारणमीमांसा दोनदा वाचा. अपील त्या परिच्छेदांवर लिहायचं असतं, निकाल अन्यायकारक आहे वगैरे लिहून काही होत नाही.

मृत्युपत्राच्या मुद्द्यात दोन गोष्टी शोधा. एक, मृत्युपत्र रजिस्टर्ड आहे म्हणून आपोआप सिद्ध होत नाही. त्यावर दोन साक्षीदारांच्या सह्या लागतात आणि त्यातल्या निदान एकाने, हयात असेल आणि येऊ शकत असेल तर, कोर्टात येऊन सांगावं लागतं की आजोबांनी माझ्यासमोर सही केली किंवा ही सही माझीच असं मला सांगितलं. तो काय बोलला ते वाचा, उलटतपासासकट. दोन, बाग आजोबांनी स्वतः घेतली होती की त्यांच्या वडिलांकडून आलेली? वडिलोपार्जित असेल तर ते फक्त स्वतःच्या हिश्श्याचं मृत्युपत्र करू शकत होते, पूर्ण चार एकराचं नाही, आणि २००५ च्या दुरुस्तीनंतर मुलगी जन्मापासून सहदायाद, म्हणजे वडिलोपार्जित मिळकतीत मुलासारखीच हिस्सेदार, आहे हे सुप्रीम कोर्टाने विनीता शर्मा प्रकरणात ११ ऑगस्ट २०२० ला स्पष्ट केलं आहे. पण हे तुमच्या दाव्यात लिहिलेलं असायला पाहिजे, अपिलात पहिल्यांदा उगवलेला मुद्दा कोर्ट सहसा घेत नाही.

मावशीला उत्तरवादी, म्हणजे अपिलातली समोरची पक्षकार, करायला विसरू नका. कधीच आली नाही म्हणून लोक नाव गाळतात आणि तिथेच अपील लंगडं होतं. आणि अपील टाकलं की सगळं आपोआप थांबतं असंही नाही, मामाने उद्या बाग विकायला काढली तर? अपिलासोबतच विक्रीला मनाई मागणारा अर्ज लावा.

बर्डीकर

मी चुकलो ताई, माझ्या भावाच्या नोकरीच्या केसमध्ये रिट होतं म्हणून बोललो. पण साहेब, समजा मामानेच घराबद्दल अपील केलं तर यांना वेगळं करायची गरज पडते का?

ॲड_सिव्हिल_लाईन्स

चांगलं विचारलं. मामाने केलं तर नोटीस मिळाल्यापासून एक महिन्यात यांना शेतीबद्दल प्रतिआक्षेप, म्हणजे त्याच अपिलात आपली हरकत, टाकता येतो, आणि मामाने नंतर अपील मागे घेतलं तरी तो चालू राहतो. पण मामाने केलंच नाही तर? दुसऱ्याच्या गाडीत बसून जायचं असेल तर तो निघतो की नाही ते त्याच्या हातात.

काटोलकर_संत्रावाला

कलम ९७ आम्ही भोगलं आहे म्हणून लिहितो. माझ्या वडिलांना पण असंच सांगितलं, आधी फायनल होऊ द्या. शेती होती म्हणून वाटप कलेक्टरकडे गेलं, तिथून तहसील, तिथून भूमी अभिलेख, मोजणीची तारीख लागली की पाऊस, पाऊस गेला की मोजणीवाला बदलून गेला, असे सहा वर्षं. मग फायनलवर अपील केलं आणि आमच्या वकिलाने उभं राहून विहिरीच्या हिश्श्याचं सुरू केलं तर समोरच्याने एकच ओळ म्हटली, हे प्राथमिकमध्ये ठरलंय. संपलं. वडील बाहेर येऊन चहाच्या टपरीवर बसले आणि अर्धा तास काहीच बोलले नाही. नंतर विलंब माफीचा अर्ज टाकून पाहिला, सहा वर्षांच्या उशिराचं कारण काय लिहिणार, वकील म्हणाले थांबा म्हणून थांबलो? नाही झाला मंजूर. ताई तुमच्याकडे अकरा दिवस आहेत, आमच्याकडे एवढे असते तर.

महालची_पोरगी

दावा कनिष्ठ स्तराचाच आहे, आत्ता ॲपवर पाहिलं. पण पंधरा हजाराचं काय करू, आईची पेन्शनसुद्धा नाही आणि फाईल त्यांच्याकडेच.

निवृत्त_शिरस्तेदार

फी बाकी आहे म्हणून वकिलाला पक्षकाराची फाईल अडवता येत नाही, सुप्रीम कोर्टाने २००० सालीच सांगितलंय. त्यांची फी बुडवा असं नाही म्हणत, ती वेगळी गोष्ट. पण त्यांच्याशी वाद घालण्यात अकरा दिवस घालवू नका. निकालाची नक्कल तुमच्या हातात आहे, दावा, जबाब आणि साक्षींच्या नकला कोर्टातून मिळतात, आजच अर्ज द्या. आणि न्यायमंदिरातच जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाचं ऑफिस आहे. महिलेला मोफत वकील मिळायला उत्पन्नाची अट नाही, आईच्या नावाने अर्ज करा, आधार आणि नक्कल घेऊन सकाळी अकराला आईलाच सोबत न्या, कोर्ट फी पण त्यातच बघतात. फोन करायचा तर १५१०० लावा.

महालची_पोरगी (१९ जुलै)

सगळ्यांना अपडेट. १५ ला गेलो, धो धो पाऊस, आईची चप्पल तुटली वाटेत. प्राधिकरणातून एक मॅडम मिळाल्या, त्यांनी दाव्याची नक्कल पाहिली, परिच्छेद ४ मध्ये बाग वडिलोपार्जित असं आमच्या वकिलांनी लिहिलेलं आहे, एवढं तरी चांगलं केलं. काल अपील दाखल झालं, मावशीचं नाव घातलं, मनाई अर्ज पण लावला.

आणि साहेबांनी सांगितलं तसं मी तो एकच मुद्दा दोनदा वाचला. परिच्छेद २४ मध्ये मृत्युपत्राच्या साक्षीदाराचं आहे. उलटतपासात तो म्हणतो की मी सही केली तेव्हा आजोबा तिथे नव्हते, कागद मामाने माझ्या दुकानात आणून दिला. पुढच्याच परिच्छेदात कोर्टाने दस्त रजिस्टर्ड आहे एवढ्यावर तो सिद्ध धरला. मी आईला मराठीत करून वाचून दाखवलं तर ती म्हणते, हे वाक्य मी त्या दिवशी मागच्या बाकावर बसून ऐकलं होतं, घरी येऊन तुला सांगितलं पण होतं, तू मोबाईलमध्ये होतीस.

ॲड_सिव्हिल_लाईन्स

त्या साक्षीची वेगळी प्रमाणित नक्कल काढून ठेवा. निकालात साक्षीचा सारांश असतो, शब्द न् शब्द मूळ साक्षीत.