खुरटलेलं डावं हृदय: संशोधनाचा पैसा ‘कायमच्या इलाजा’वर लावावा की आहे त्या उपचारांवर?

सव्यसाची

विषय आहे हायपोप्लास्टिक लेफ्ट हार्ट सिंड्रोम, थोडक्यात एचएलएचएस. यात हृदयाची डावी बाजू गर्भातच खुरटते. डावी जवनिका इवलीशी राहते, मायट्रल (डावी कर्णिका आणि जवनिका यांच्यामधली) आणि महाधमनीची झडप अरुंद किंवा पूर्ण बंद, महाधमनीची सुरुवात कधीकधी दोन-तीन मिलिमीटरची. दर १०,००० जन्मांमागे साधारण २ ते ३ बाळं. जन्मानंतर डक्टस (गर्भात महाधमनी आणि फुप्फुस धमनी यांना जोडणारी नळी) मिटायला लागला की शरीराकडे रक्त जाण्याची वाटच बंद होते. काही केलं नाही तर बहुतेक बाळं पहिल्या महिन्यातच जातात.

आज आपण जे करतो त्याला ‘बरं करणं’ म्हणता येणार नाही, ती नळजोडणी आहे. तीन शस्त्रक्रिया: पहिल्या एक-दोन आठवड्यांत नॉरवुड (उजव्या जवनिकेलाच शरीराच्या कामाला जोडणं), चौथ्या ते सहाव्या महिन्यात ग्लेन (वरच्या अंगातून परतणारं रक्त थेट फुप्फुसांकडे), दोन ते चार वर्षांच्या दरम्यान फॉन्टान (खालच्या अंगाचंही तसंच). शेवटी चित्र असं: उजवी जवनिका अख्ख्या शरीराला रक्त पुरवते आणि फुप्फुसांकडे रक्त पंपाशिवाय, नुसत्या शिरांमधल्या दाबावर जातं. निरोगी माणसात हा दाब पाऱ्याच्या ५ मिलिमीटरच्या आसपास असतो, फॉन्टाननंतर १२ ते १५. या जास्तीच्या दाबाचं व्याज यकृत भरत राहतं. वर्षं सरतात तसं थोडंफार फायब्रोसिस, म्हणजे यकृत व्रणासारखं घट्ट होणं, जवळजवळ प्रत्येकात दिसतं. शिवाय आतड्यांतून प्रथिनं गळणं, श्वासनलिकांत रबरासारखे साचे जमणं, ठोक्यांची लय बिघडणं हे आहेच. आणि या कल्पना किती जुन्या, तर ग्लेन १९५८, फॉन्टान १९७१, नॉरवुड १९८३.

माझं म्हणणं: या आजारासाठी स्वतंत्र निधी उभा राहिला, तर १०० पैकी ७० मूळ इलाजाकडे जावेत. म्हणजे जनुकं आणि गर्भातली वाढ, मूलपेशींपासून हृदयाचा स्नायू, गर्भातच झडप उघडणं. उरलेले ३० आहे त्या उपचारांच्या सुधारणेला. नळजोडणीला अजून किती वर्षं पॉलिश करणार?

काटेकोर

असहमत. ‘मूळ इलाज’ म्हणजे नेमकं कशावर वार करणार?

हृदयाची रचना गर्भाच्या आठव्या आठवड्यापर्यंत उरकलेली असते. दोष सोनोग्राफीत दिसतो १८ ते २२ आठवड्यांना. जनुक हाती लागलं तरी ते दुरुस्त करायची वेळ कधीच टळून गेलेली असते. आणि जनुक तरी एक कुठे आहे? २०१७ मध्ये उंदरांवरच्या मोठ्या शोधातून सॅप१३० आणि पीसीडीएचए९ ही जनुकांची जोडी सापडली. दोन्ही बिघडलेल्या उंदरांतही खुरटलेलं डावं हृदय तिसऱ्या हिश्श्याहून कमी पिल्लांत दिसलं. माणसांत नॉच१ आणि एमवायएच६ ही जनुकं आहेत, टर्नर आणि जेकबसेन हे गुणसूत्रांचे सिंड्रोम आहेत, आणि बहुतेकांत ठोस काहीच हाती लागत नाही.

इथे कुणीतरी सिस्टिक फायब्रोसिसचा (फुप्फुसांत घट्ट चिकट स्राव साचवणारा आनुवंशिक आजार) दाखला देणार, म्हणून आधीच सांगतो. तिथे सीएफटीआर हे एकच जनुक, १९८९ मध्ये सापडलं. रुग्णांच्या फाउंडेशनने औषध कंपनीत पैसा घातला, २०१२ मध्ये पहिलं नेमकं औषध आलं. त्या जनुकाचं प्रथिन आजही रोज पेशीत तयार होतं, म्हणून गोळी त्याच्यावर काम करते. इथे जवनिका झालीच नाही. गोळी कुणाला दुरुस्त करणार?

याउलट साध्या गोष्टीने काय झालं ते बघा. नॉरवुड ते ग्लेन हा सगळ्यात घातक काळ. बाळ घरी ठणठणीत दिसतं आणि अचानक जातं. कारणं ठरलेली: शंटमध्ये (नॉरवुडच्या वेळी फुप्फुसांना रक्त द्यायला बसवलेली नळी) गुठळी, महाधमनीची कमान पुन्हा अरुंद होणं, दोन कर्णिकांमधलं भोक आखडणं, ट्रायकस्पिड झडप गळणं. साडेतीन मिलिमीटरची शंट नळी आणि त्यात साधे जुलाब झाले की पाणी कमी, रक्त घट्ट, नळी बंद. यावर तोडगा होता एक वजनकाटा आणि एक ऑक्सिमीटर. काटा १० ग्रॅमचा फरक दाखवणारा हवा. बाळाला रोज एकाच वेळी, कपड्यांशिवाय ठेवायचं. ऑक्सिजन ७५ टक्क्यांच्या खाली, एका दिवसात ३० ग्रॅम घट, किंवा तीन दिवसांत २० ग्रॅमही वाढ नाही: यातलं एक जरी झालं तरी त्याच दिवशी फोन. अमेरिकेतल्या बालहृदयरोग केंद्रांच्या गुणवत्ता-गटाने ही पाळत, आहाराचे नियम आणि घरी सोडतानाची शिस्त एकत्र राबवली, तेव्हा या टप्प्यातले मृत्यू ९.५ टक्क्यांवरून ५.३ वर आले. एकही जनुक न शोधता.

सव्यसाची

काट्याचं यश मान्य. पण तो काटा पंचवीस वर्षांच्या यकृताचं काय करणार? तुम्ही बाळ ग्लेनपर्यंत पोचवलंत, पुढचा दाब तोच. जितकी जास्त बाळं वाचवाल तितके जास्त तरुण फॉन्टानच्या त्याच भिंतीवर आदळणार. शेवटी प्रत्यारोपण, आणि दाते मोजके.

गर्भातल्या झडपेबद्दल तुम्ही बोलला नाहीत. काही गर्भांत २० आठवड्यांच्या सुमारास डावी जवनिका अजून खुरटलेली नसते. महाधमनीची झडप चिकटल्यामुळे ती खुरटत चाललेली असते. आईच्या पोटातून सुई घालून फुग्याने झडप उघडली, तर रक्त वाहतं आणि जवनिका वाढू शकते. बोस्टनमध्ये ही प्रक्रिया झालेल्या पहिल्या १०० गर्भांपैकी ८८ जिवंत जन्मले आणि त्यातल्या ३८ जणांना दोन्ही जवनिकांचं रक्ताभिसरण मिळालं. वेळ टळून गेलेली नसते, ती हुकवली जाते.

जास्वंद

३८ ऐकायला छान वाटतात, पण समोर तुलनेचा गट नाही. गर्भ निवडूनच घेतले होते. त्यातले काही सुईशिवायही दोन जवनिकांवर आले असते का, याचं उत्तर त्या आकड्यात नाही. काही गर्भ या प्रक्रियेतच दगावतात. आणि ‘दोन जवनिका’ म्हणजे निरोगी हृदय नव्हे: पुढे झडपेच्या शस्त्रक्रिया येतात, डावी जवनिका ताठ असेल तर फुप्फुसांतला दाब वाढतो. शिवाय हे लागू पडतं ते चिकटलेल्या झडपेच्या छोट्या गटाला. मायट्रल आणि महाधमनी दोन्ही मुळात बंद असतील तर फुगा घालणार कुठे?

दोघांच्याही हिशेबात एक गोष्ट सुटते आहे, ती म्हणजे रुग्णसंख्या. जगण्याचं प्रमाण ७० वरून ८० टक्के झालं हे सिद्ध करायला (८० टक्के पॉवर, म्हणजे खरा फरक असेल तर तो सापडण्याची शक्यता; आणि योगायोगाने फरक दिसण्याची नेहमीची ५ टक्के पातळी) प्रत्येक गटात साधारण २९० बाळं लागतात, एकूण ५८०. ७० वरून ८५ ची अपेक्षा धरली तर एकूण २३६ च्या आसपास. आता एका चांगल्या केंद्रात वर्षाला २० नॉरवुड धरा. निम्मे पालक संमती देतात असं समजा, म्हणजे १० बाळं. १५ केंद्रं जोडली तरी ५८० साठी जवळपास चार वर्षं. आणि एका वेळी एकच चाचणी. दुसरी सुरू केली की त्याच बाळांसाठी ओढाताण.

हे नुसतं कागदावरचं नाही. उत्तर अमेरिकेतल्या १५ केंद्रांनी २००५ ते २००८ या काळात ५५५ बाळं घेऊन शंटची तुलना केली: एका गटात हाताच्या धमनीतून फुप्फुस धमनीला जाणारी नळी, दुसऱ्यात उजव्या जवनिकेतून जाणारी सानो नळी. १२ महिन्यांना प्रत्यारोपणाविना जिवंत असणारे ६४ विरुद्ध ७४ टक्के, सानोच्या बाजूने. निकाल २०१० मध्ये आला, सगळीकडे पद्धती बदलल्या. मग पाठपुरावा चालू ठेवला तेव्हा सहा वर्षांपर्यंत तो फरक आकडेशास्त्राच्या कसोटीवर उरला नाही. एका वर्षाला थांबलो असतो तर चुकीचा धडा कायमचा गिरवला असता.

बाकीच्यांची गत: एनालाप्रिल (हृदयावरचा ताण कमी करणारं औषध), २३० तान्ही बाळं, वाढीत फायदा नाही. युडेनाफिल (फुप्फुसांच्या रक्तवाहिन्या सैल करणारं औषध), फॉन्टान झालेली ४०० किशोरवयीन मुलं, २०१९: व्यायामाच्या कमाल क्षमतेचा मुख्य निकष चुकला, एका दुय्यम निकषात थोडी सुधारणा.

बोरूबहाद्दर

जास्वंद यांना +१. मूलपेशींच्या चाचण्यांबद्दलही थोडं लिहा की.

जास्वंद

जपानमधल्या ओकायामाच्या पहिल्या चाचणीत ७ बाळांना पेशी, ७ तुलनेला. सुरक्षितता बघायला ठीक. परिणामाबद्दल बोलायचं तर शितावरून भाताची परीक्षा, आणि शीतही अर्धंच. अशा चाचण्यांत बहुतेकदा उजव्या जवनिकेचं इजेक्शन फ्रॅक्शन (दर ठोक्याला जवनिकेतलं किती टक्के रक्त बाहेर जातं) मोजतात. उजवी जवनिका चंद्रकोरीसारखी. सोनोग्राफीतून तिचं आकारमान काढताना दोन तज्ज्ञांत सहज पाच-सात टक्क्यांचा फरक पडतो. एमआरआय अचूक, पण तान्ह्याला गुंगी द्यावी लागते. जो फरक शोधायचा तोच मोजमापाच्या चुकीएवढा असेल, तर १४ बाळांत तो दिसला काय आणि न दिसला काय.

उलटतपासणी

सगळे हृदय बनवण्यावर आणि दुरुस्त करण्यावर भांडताहेत. बाळ शस्त्रक्रियेच्या टेबलापर्यंत पोचतं का, हे कुणी विचारत नाही.

गर्भात निदान झालं नसेल तर ठरलेलं चित्र: तिसऱ्या-चौथ्या दिवशी दूध ओढत नाही, धाप लागते, अंग गार, पांढरंफटक. जंतुसंसर्ग समजून प्रतिजैविकं सुरू होतात. वर शंभर टक्के ऑक्सिजन लावतात. इथेच घात होतो: ऑक्सिजनने फुप्फुसांच्या नळ्या सैलावतात, रक्त तिकडे धावतं, शरीराला आणखी कमी. मॉनिटरवर ९८ टक्के, सगळे खूश, आणि लॅक्टेट (शरीराला रक्त कमी पडत असल्याची खूण) चढत चाललेलं. या बाळाला ७५ ते ८५ टक्केच हवेत. आणि हवं प्रोस्टाग्लँडिन ई१, डक्टस उघडा ठेवायला. दर किलोला मिनिटाला ०.०१ ते ०.०५ मायक्रोग्रॅम, डक्टस मिटतच आला असेल तर वरचा डोस. त्याने श्वास थांबू शकतो, म्हणून प्रवासात श्वासनलिकेत नळी घालू शकणारा माणूस सोबत पाहिजे. नॉरवुडच्या आधीच मूत्रपिंडं आणि मेंदू मार खाऊन बसले, तर तुमची मूलपेशी कशाला जगवणार?

माझे १०० पैकी ५० गर्भातल्या निदानाला.

काटेकोर

मुद्दा शंभर टक्के बरोबर, पण हे संशोधन नाही, सेवा आहे. हृदयाचे चार कप्पे आणि बाहेर जाणाऱ्या दोन्ही मोठ्या नळ्या बघायच्या, हे ठाऊक आहेच. शिकवायचं बाकी आहे. सेवेचा खर्च संशोधनाच्या निधीतून केला की दोन्ही अर्धवट राहतात. संशोधन कोणतं म्हणाल, तर नेहमीच्या तपासणीत हे का निसटतं याचा शोध. आईचं वजन, बाळाची पाठ वर, की बघणाऱ्याने नळ्यांपर्यंत जाण्याआधीच तपासणी संपवली? तेवढ्याला ५० लागत नाहीत.

सव्यसाची

जास्वंद यांच्या आकड्यांनंतर ७० वर अडून बसत नाही. पण मूळ इलाजाला शून्य हेही पटत नाही. मला वाटतं आपण ध्येयच अवघड निवडलंय.

अख्खी डावी जवनिका बनवायची तर अब्जावधी स्नायूपेशी लागतात. रक्तवाहिन्यांशिवाय थर सुमारे ०.२ मिलिमीटरपेक्षा जाड झाला की आतल्या पेशी मरतात. प्रयोगशाळेतल्या पेशी गर्भावस्थेतल्यासारख्या कच्च्या असतात आणि स्वतःच्याच तालावर ठोके देतात. माकडांत रोपण केल्यावर लय बिघडलेली दिसली आहे. अमेरिकेच्या आर्पा-एच या सरकारी संस्थेने २०२३ मध्ये स्टॅनफर्डच्या गटाला २.६३ कोटी डॉलर्सपर्यंतची रक्कम मंजूर केली, ती पाच वर्षांत छापलेलं हृदय डुकरात बसवण्यासाठी. होईल तेव्हा होईल.

पण फॉन्टानचा रोग काय आहे? फुप्फुसांच्या वाटेवर धक्का नाही, एवढाच. तिथे महाधमनीएवढा १०० चा दाब नकोच आहे, ५ मिलिमीटरची भर पुरते. म्हणजे फॉन्टानच्या नळीलाच स्नायूचा पातळ वेढा घालायचा, मंद धडधडणारा. पातळ आहे म्हणून पेशी जगतील, काम हलकं आहे म्हणून कच्च्या पेशीही चालतील. शिवाय जिवंत नळी मुलाबरोबर वाढेल. आजची गोर-टेक्सची (कृत्रिम कापडासारख्या पदार्थाची) नळी वाढत नाही, म्हणून तर फॉन्टानला मूल मोठं होईपर्यंत थांबावं लागतं.

काटेकोर

हे पहिलं वाक्य ज्यावर मी पैसे लावेन. पण नळीचा इतिहासही वाचा. विरघळणाऱ्या साच्यावर रुग्णाच्याच अस्थिमज्जेतल्या पेशी पेरून बनवलेल्या नळ्या जपानमध्ये २५ जणांना बसवल्या. पुढे अमेरिकेत चाचणी सुरू झाली आणि नळ्या सुरुवातीलाच अरुंद होऊ लागल्याने थांबवावी लागली. मग मंडळी मेंढ्यांकडे परतली आणि २०२० मध्ये दाखवलं, की ते आकुंचन दाहामुळे येतं आणि पुष्कळदा आपोआप सैल होतं. म्हणजे घाईने फुगा घालून रुंद करणं हीच चूक ठरली असती. नुसती नळी, तीही न धडधडणारी, तिची ही कथा. धडधडणाऱ्या नळीत जास्तीचं काय बिघडेल? आकुंचन पावताना रक्त मागे यकृताकडे ढकललं जाईल, झडप नसेल तर. झडप घातली की गुठळी. आणि ताल चुकला तर नळी धक्का द्यायच्या ऐवजी वाट अडवेल.

जास्वंद

म्हणून निधी वर्षागणिक वाटू नये, टप्प्यांवर बांधावा. मेंढीत सहा महिने नळी उघडी, दाबात मोजण्याएवढी भर, गुठळी नाही: हे तिन्ही झाल्याशिवाय पुढचा हप्ता नाही. फसला तरी निकाल प्रसिद्ध करायचा, ही करारातली अट. माझी वाटणी: ३५ अशा कामाला, ४५ सामायिक रजिस्ट्री (सगळ्या केंद्रांच्या रुग्णांची एकत्र नोंदवही) आणि किमान दहा वर्षांच्या पाठपुराव्याला, २० तातडीच्या छोट्या प्रश्नांना. ऑस्ट्रेलिया-न्यूझीलंडची फॉन्टान नोंदवही हजारावर रुग्णांची आहे. नवी चाचणी अशा नोंदवहीच्या आत बसवली तर खर्च पुष्कळ उतरतो.

सव्यसाची

३५ मान्य. पण ४५ मधले काही पेशी-पेढीला, म्हणजे संशोधनासाठी रुग्णांचं ऊतक जपून ठेवायला, हवेत. नॉरवुडच्या वेळी थायमसचा (हृदयावरची प्रतिकारशक्तीची ग्रंथी) मोठा भाग आणि कर्णिकांमधला पडदा काढावाच लागतो, आणि तो टाकून दिला जातो.

काटेकोर

टाकून देतात कारण गोठवायला कुणी नसतं. जनुकांची हालचाल तपासायची असेल तर ऊतक काही मिनिटांत द्रव नायट्रोजनमध्ये गेलं पाहिजे. तासभर बाकावर राहिलं की तुम्ही आजार मोजत नाही, बाकावरचा तास मोजता. नाळेतलं रक्त तर त्याहून अवघड. ते प्रसूतीच्या क्षणीच घ्यावं लागतं, म्हणजे निदान आधी झालेलं हवं, संमती आधी घेतलेली हवी, आणि पिशवी खोलीत हवी. उलटतपासणी यांची २० व्या आठवड्याची सोनोग्राफी इथे मागच्या दाराने परत आली, त्यामुळे जास्वंद यांच्या २० मधले ८ त्यांना द्यावेत. पेढीसाठी फ्रीझरच्या आधी माणसांचा पगार मांडा: बाळं रात्री दोनलाही जन्मतात, आठवड्याचे सातही दिवस भरायचे तर कमीत कमी पाच जण लागतात.