शब्दचर्चा: ‘मदरशिप’ला मराठीत काय म्हणावं?

शब्दखूळ:
पार्लमेंट या अमेरिकन फंक बँडच्या ‘मदरशिप कनेक्शन’ (डिसेंबर १९७५) या अल्बमवर लिहायला घेतलंय. ‘फंक’, म्हणजे काळ्या अमेरिकनांचं ते ठेक्यावर नाचवणारं संगीत, तसाच ठेवतोय. अडलंय ते ‘मदरशिप’पाशी, म्हणजे अल्बममधल्या त्या मोठ्या अंतराळयानापाशी. ‘मातृयान’ लिहिलं की सरकारी पत्रक वाचतोय असं वाटतं. काही सुचतंय का?

ओवी:
आधी ते यान करतं काय ते बघा. त्यातून स्टार चाइल्ड नावाचं पात्र येतं, म्हणजे बँडचा म्होरक्या जॉर्ज क्लिंटनच, पृथ्वीवरच्या मंडळींना फंक द्यायला. १९७६च्या दौऱ्यापासून तर भलंमोठं यान खरोखर स्टेजवर उतरायचं. बँडचा गायक ग्लेन गॉइन्स गाऊन गाऊन त्याला आळवायचा, मग धूर, दिव्यांचा झगमगाट आणि क्लिंटनसाहेब बाहेर! ‘आळवायचा’ हे मुद्दाम लिहिलंय. शीर्षकगीतातली ‘स्विंग डाउन, स्वीट चॅरियट’ ही हाक अमेरिकेतल्या काळ्या लोकांच्या जुन्या भक्तिगीतांतून आलेली आहे. तो रथ बायबलातल्या एलियाला न्यायला आलेला. क्लिंटनने रथाचं अंतराळयान केलं, एवढंच.
मग आपल्याकडे शब्द तयार आहे की: विमान. सांताक्रूझला उतरतं ते नव्हे, तुकोबांना न्यायला आलं ते.

ठेका:
वा, ओवीताई! पण दिशा उलटी होते ना? तुकोबांचं विमान इथून वैकुंठाला नेतं. हे वरून येतं आणि इथल्याइथे नाचवतं.

ओवी:
येतं खरं, पण गाणारे त्याला ‘थांब, मलाही घे’ असंच म्हणतात. ज्यांना जमिनीवरही धड जागा मिळू दिली नाही, ते थेट अंतराळात ऐटीत बसलेत. अल्बमची खरी गंमत मला त्यात वाटते. ‘मातृयान’मध्ये यातलं काहीच उतरत नाही.

ठेका:
मान्य. आता माझी एक विनंती. फंकवाल्यांच्या ‘द वन’ला, म्हणजे जोर दिलेल्या पहिल्या मात्रेला, बिनधास्त ‘सम’ लिहू नका, हल्ली बरेच जण लिहितात. बूट्सी कॉलिन्स, मेसिओ पार्कर, फ्रेड वेस्ली हे या अल्बमवरचे वादक, सगळे फंकचा आद्य गायक जेम्स ब्राऊनच्या तालमीतले. पहिल्या मात्रेवर जोर द्यायची सवय तिथली. पण तीनतालात सोळा मात्रा फिरून आपण समेवर येतो, ती गाठायची असते. इथे दर चार मात्रांनी ‘वन’ येतो आणि ढकलून पुढे पाठवतो. बूट्सीचा बेस ऐका: ‘वन’वर ठाम पाऊल, मग उरलेल्या मात्रांत खोड्या. ‘पहिली मात्रा’ लिहा, कुणाचं काही बिघडत नाही.

शब्दखूळ:
लिहितो. विमानाचा धागा पुढेही चालतोय बघा. १९९२ला रॅपर डॉ. ड्रेने तीच रथाची ओळ उचलून ‘लेट मी राइड’ केलं. तिथे रथाची झाली लॉस एंजेलिसच्या रस्त्यावरची गाडी! आणि स्टेजवरच्या यानाची नंतर बनवलेली प्रतिकृती आज वॉशिंग्टनच्या आफ्रिकन अमेरिकन इतिहासाच्या संग्रहालयात आहे. तर पहिल्या उल्लेखाला ‘मदरशिप, म्हणजे तुकोबांचं असतं तसं विमान’, पुढे नुसतं मदरशिप. चालेल?
शेवटची शंका: तो फंक की ते फंक?

ठेका:
तो. मूळ अर्थ घामट, कुबट वास. जॅझवाल्यांनी त्याची शाबासकी केली, जसं आपण ‘रांगडा’ कौतुकाने म्हणतो. वास पुल्लिंगी, मग फंकही पुल्लिंगी.

ओवी:
आणि दुर्गंधी धरली तर ती फंक!